वाचकांचे प्रश्न : चौकोनाचे नाव कशावरून ठरते?

मागील अंकात चौकोनांच्या प्रकारांविषयी जो लेख प्रसिद्ध झाला, त्यावर आलेल्या पत्रांपैकी बहुतेकांचा रोख एकाच गोष्टीकडे आहे. भुजा आणि कोन यांविषयी थोडी माहिती हाती असताना आकृतीला कोणते नाव द्यावे, आणि एकाच आकृतीला एकाहून अधिक नावे कशी असू शकतात, हा तो मुद्दा होय. सारख्या आशयाची पत्रे एकत्र करून येथे उत्तरे दिली आहेत. वेगळे सांगितले नसेल तेथे चौकोन म्हणजे बहिर्वक्र चौकोन (ज्याचा प्रत्येक कोन १८०° पेक्षा लहान असतो असा) असे समजावे आणि अ, ब, क, ड हे त्याचे शिरोबिंदू त्याच क्रमाने घ्यावेत.

प्रश्न : सातवीत शिकणाऱ्या माझ्या मुलीने ‘प्रत्येक चौरस हा आयत असतो’ या विधानापुढे ‘बरोबर’ असे लिहिले आणि ते चूक धरले गेले. आयताची लांबी आणि रुंदी वेगळी असावीच लागते, असे तिला सांगण्यात आले. खरे काय? (एक पालक)

उत्तर : आपल्या मुलीचे उत्तर बरोबर आहे. ज्या चौकोनाचे चारही कोन काटकोन असतात तो आयत, एवढीच आयताची व्याख्या आहे. लांबी आणि रुंदी असमान असावी ही अट त्या व्याख्येत कोठेही नाही. लहानपणापासून आयताची चित्रे लांबट पाहिल्यामुळे ती अट आपण मनाने घातलेली असते. चौरसाचे चारही कोन काटकोन असतात, म्हणून तो आयत आहे. शिवाय त्याच्या चारही भुजा समान असतात, म्हणून तो समभुज चौकोनही आहे.

तरीही वेगळे सांगणाऱ्याला अगदीच निराधार म्हणता येणार नाही, कारण ही समजूत फार जुनी आहे. युक्लिडने इ.स.पूर्व ३०० च्या सुमारास रचलेल्या ‘एलिमेंट्स’च्या पहिल्या खंडातील २२ व्या व्याख्येत चौकोनांची जी विभागणी केली आहे, तिच्यात आयत म्हणजे काटकोनी परंतु समभुज नसलेला, आणि समभुज चौकोन म्हणजे समभुज परंतु काटकोनी नसलेला, असेच म्हटले आहे. म्हणजे त्याने प्रत्येक आकृतीला एकच खण दिला, आणि जे चौकोन कोठेच बसेनात ते सारे शेवटच्या एका गटात टाकले. समांतर रेषांची व्याख्या मात्र त्यानंतरची, २३ वी आहे. त्यामुळे आज आपण ज्याच्यापासून वर्गीकरणाला सुरुवात करतो तो समांतरभुज चौकोन त्या यादीत नावानिशी नाही. तो पुढे, ३३ व्या आणि ३४ व्या प्रमेयांच्या निमित्ताने येतो. संमुख भुजा आणि संमुख कोन समान असतात, हे ३४ वे प्रमेय युक्लिडने सिद्ध केले ते एकदाच, सर्व समांतरभुज आकृत्यांसाठी. ते चौरसालाही लागू पडते हे त्याने गृहीतच धरले आहे. यादी करताना त्याने खण वेगळे ठेवले, पण सिद्धता देण्याची वेळ आली तेव्हा ते आपोआप एकात एक गेले.

आजची व्याख्या अशी का, याचे उत्तर यातच आहे. ‘कर्ण परस्परांना दुभागतात’ हे समांतरभुज चौकोनासाठी एकदा सिद्ध केले की आयत, समभुज चौकोन आणि चौरस यांच्यासाठी तेच पुन्हा सिद्ध करावे लागत नाही. चौरसाला आयताबाहेर काढले, तर आयताचे प्रत्येक प्रमेय चौरसासाठी निराळे मांडावे लागेल. दुसरे असे की, ५ सेंमी रुंदीच्या आयताची लांबी ७ सेंमीपासून हळूहळू ३ सेंमीपर्यंत कमी करत नेली, तर वाटेत एका क्षणी ती नेमकी ५ सेंमी होते. त्या क्षणी क्षेत्रफळाचे सूत्र बदलत नाही, कर्ण समान असणे थांबत नाही, कोनही हलत नाहीत. मग तेवढ्यापुरते त्या आकृतीचे आयतपण हिरावून घेण्यात काय अर्थ आहे?

प्रश्नाच्या शब्दरचनेकडे मात्र लक्ष असू द्यावे. ‘या आकृतीचे सर्वांत नेमके नाव सांगा’ असे विचारले असेल आणि चारही भुजा समान दिसत असतील, तर ‘आयत’ हे उत्तर असत्य नसले तरी अपुरे आहे. ‘प्रत्येक चौरस हा आयत असतो का’ असे विचारले असेल, तर ‘होय’ हेच उत्तर आहे.

प्रश्न : माझा मुलगा कोपऱ्यावर उभा काढलेला चौरस पाहून ‘हा चौरस नाही’ म्हणतो, कागद फिरवला की ‘आता आहे’ म्हणतो. काळजीचे कारण आहे का? (दुसरीतील मुलाचे पालक)

उत्तर : नाही. या वयात मूल आकृती तिच्या एकूण रूपावरून ओळखते. भुजा मोजून किंवा कोन तपासून नव्हे. प्येर व्हान हीले आणि दिना व्हान हीले-गेल्डोफ या डच शिक्षक दांपत्याने १९५७ मध्ये उत्रेख्त येथे सादर केलेल्या प्रबंधांत भूमितीच्या आकलनाच्या पायऱ्या मांडल्या आहेत. पहिल्या पायरीवर केवळ दिसणे असते, दुसऱ्या पायरीवर गुणधर्म दिसू लागतात, आणि एका गुणधर्मातून दुसरा निघतो किंवा एक गट दुसऱ्यात सामावतो हे त्यानंतर कळते. वयाबरोबर ही पायरी आपोआप चढली जात नाही, शिकवण्यावर बरेच अवलंबून असते, हाही त्यांच्या मांडणीचा भाग आहे. म्हणून पाठ करून घेण्यापेक्षा चौरसाची आकृती कागदातून कापून द्यावी, ती फिरवत राहावी, आणि दर वेळी एकच प्रश्न विचारावा : भुजा बदलल्या का, कोपरे बदलले का? ‘चौरस हा आयतही असतो’ हे मात्र दुसरीत गळी उतरवण्याची घाई करू नये.

प्रश्न : त्रिकोणाच्या तीन भुजा दिल्या की त्रिकोण काढता येतो. मग चौकोनाच्या चार भुजा दिल्या तर चौकोन का काढता येत नाही? पाचवे माप कशासाठी? (आठवीतील विद्यार्थिनी)

उत्तर : तुझ्या प्रश्नात एक छोटी दुरुस्ती हवी. चौकोन काढता येतो, परंतु तो एकच निघत नाही. सर्वांत मोठी भुजा उरलेल्या तिन्हींच्या बेरजेपेक्षा लहान असली की त्या चार मापांचा चौकोन होतोच. पण चार पट्ट्या टोकांशी खिळ्यांनी सैल जोडून पाहा. तीन पट्ट्यांचा त्रिकोण ताठ राहतो, चार पट्ट्यांचा चौकोन मात्र हाताने दाबताच कलतो. भुजा त्याच राहतात आणि कोन बदलत जातात. एक कर्ण बसवला की चौकोनाचे दोन त्रिकोण होतात, ते दोन्ही ताठ असतात, म्हणून चौकोनही ताठ होतो. तू जे पाचवे माप म्हणतेस ते हेच. कर्णाऐवजी एक कोन दिला तरी सामान्यतः काम भागते.

हा मुद्दा भास्कराचार्यांनी इ.स. ११५० च्या ‘लीलावती’त फार ठासून मांडला आहे. चार भुजा त्याच असताना कर्ण निश्चित नसतात, तर मग क्षेत्रफळ निश्चित कसे असेल, असे ते विचारतात. कर्ण किंवा लंब यांपैकी काहीही न सांगता चौकोनाचे नेमके क्षेत्रफळ विचारणाऱ्याला, आणि त्याहूनही अधिक ते सांगू पाहणाऱ्याला, त्यांनी चक्क पिशाच म्हटले आहे. तेथील उदाहरण करून पाहण्याजोगे आहे. चारही भुजा २५ असलेला चौकोन घे. एक कर्ण ३० असेल तर दुसरा ४० येतो आणि क्षेत्रफळ ६०० होते. एक कर्ण १४ असेल तर दुसरा ४८ येतो आणि क्षेत्रफळ ३३६ होते. कोन काटकोन असतील तर तो चौरस होतो आणि क्षेत्रफळ ६२५ भरते. भुजांत तसूभरही फरक नाही, पण क्षेत्रफळ जवळजवळ निम्म्यापर्यंत उतरले आहे.

तू कदाचित वाचले असशील की ब्रह्मगुप्ताने इ.स. ६२८ मध्ये चार भुजांवरून क्षेत्रफळ काढण्याचे सूत्र दिले होते. ते सूत्र नेमके उत्तर देते ते चक्रीय चौकोनासाठी, म्हणजे ज्याचे चारही शिरोबिंदू एका वर्तुळावर असतात अशा चौकोनासाठी. दिलेल्या चार भुजांच्या सर्व चौकोनांत सर्वांत मोठे क्षेत्रफळ चक्रीय चौकोनाचेच असते. वरच्या उदाहरणात चौरस तेवढा चक्रीय आहे आणि ६२५ ही तिन्हींतील मोठी संख्या आहे, हे ताडून पाहा.

आता वर्गीकरणापुरते पाहू. केवळ भुजा पाहून कोणती नावे देता येतात? चारही समान असतील तर समभुज चौकोन; संमुख भुजांच्या दोन्ही जोड्या समान असतील तर समांतरभुज चौकोन; लगतच्या भुजांच्या दोन जोड्या समान असतील तर पतंग. भुजा पाहून ‘आयत’ किंवा ‘चौरस’ असे कधीही म्हणता येत नाही, कारण ती नावे कोनांवाचून मिळत नाहीत.

प्रश्न : एका चौकोनाच्या कोनांचे प्रमाण १ : २ : ३ : ४ आहे, तर तो कोणत्या प्रकारचा चौकोन आहे? मी ‘समलंब’ असे उत्तर दिले, माझ्या मित्राने ‘चक्रीय’ असे दिले. (स्पर्धापरीक्षेची तयारी करणारे वाचक)

उत्तर : प्रश्नात कोन क्रमाने दिलेले आहेत असे धरले तर आपले उत्तर बरोबर आहे, आणि क्रम सांगितलेलाच नसेल तर प्रश्न अपुरा आहे. चारही कोनांची बेरीज ३६०° असल्याने कोन ३६°, ७२°, १०८° आणि १४४° येतात, येथपर्यंत वाद नाही. ते अ, ब, क, ड येथे याच क्रमाने असतील, तर कोन अ आणि कोन ड यांची बेरीज १८०° होते. म्हणून अब आणि डक या भुजा समांतर आहेत. कोन अ आणि कोन ब यांची बेरीज १०८° असल्याने दुसरी जोडी समांतर नाही. हा समलंब चौकोन झाला.

आता तेच कोन ३६°, ७२°, १४४°, १०८° अशा क्रमाने ठेवा. संमुख कोनांची प्रत्येक जोडी १८०° भरते, म्हणून चौकोन चक्रीय आहे; लगतच्या कोनांची एकही जोडी १८०° भरत नाही, म्हणून कोणत्याही दोन भुजा समांतर नाहीत. आपल्या मित्रांनी बहुधा हा क्रम घेतला असावा. कोन तेच, जागा बदलल्या, आणि नाव बदलले. परीक्षेत प्रमाण दिले असेल तर ते क्रमाने दिले आहे असे मानण्याचा प्रघात आहे. तरी प्रश्न काढणाऱ्यांनी ‘क्रमाने’ हा शब्द लिहिण्याचे कष्ट घ्यावेत, असे आम्हाला वाटते.

केवळ कोनांवरून नाव मिळण्याची आणखी दोन ठिकाणे आहेत. तीन कोन काटकोन असले की चौथा असावाच लागतो, म्हणून आयत मिळतो. संमुख कोनांच्या दोन्ही जोड्या समान असतील, तर लगतच्या दोन कोनांची बेरीज ३६०° च्या निम्मी, म्हणजे १८०° येते, आणि समांतरभुज चौकोन मिळतो. मात्र त्रिकोणाचे कोन समान असले की त्रिकोण समरूप असतात, तसे चौकोनात होत नाही. २ गुणिले ३ आणि २ गुणिले ७ या दोन आयतांचे कोन तेच असतात, पण एक आयत दुसऱ्याची वाढवलेली प्रत नसतो.

प्रश्न : संमुख भुजांची एक जोडी समान आणि संमुख कोनांची एक जोडी समान असेल, तर तो समांतरभुज चौकोन असतो का? वर्गात हा प्रश्न आला. कर्ण काढून सिद्धता करायला गेले तर बाबाको (दोन बाजू आणि त्यांच्यामध्ये नसलेला कोन समान) ही स्थिती येते आणि पुढे जाता येत नाही. (एक शिक्षिका)

उत्तर : पुढे जाता येत नाही याचे कारण विधानच असत्य आहे, आणि ते दाखवणारे प्रतिउदाहरण आपल्याला कात्रीने तयार करता येईल. कागदातून असा समद्विभुज त्रिकोण कापा की त्याच्या शिरोबिंदू अ पासूनच्या दोन भुजा अब आणि अप प्रत्येकी ५ सेंमी असतील आणि पाया बप ६ सेंमी असेल. पायावर ब पासून २ सेंमी अंतरावर क हा बिंदू घ्या आणि अक या रेषेवर कागद कापा. आता अकप हा तुकडा पालथा करा आणि अक या कडेवरच पुन्हा अशा रीतीने जोडा की त्याचे अ हे टोक क वर आणि क हे टोक अ वर येईल. प बिंदू जेथे जाईल त्याला ड म्हणा.

तयार झालेल्या अबकड या चौकोनात अब आणि कड या संमुख भुजा ५ सेंमी आहेत. कोन ब आणि कोन ड हे मूळ त्रिकोणाचे पायालगतचे कोन असल्याने समान, सुमारे ५३° आहेत. उरलेल्या भुजा मात्र २ सेंमी आणि ४ सेंमी आहेत. अटी दोन्ही पाळल्या गेल्या, चौकोन बहिर्वक्रही आहे, आणि तरी तो समांतरभुज नाही. वर्गात हा प्रयोग करताना तुकडा पालथा करण्याऐवजी नुसता फिरवला तर जोडणी जमत नाही, एवढे आधी सांगून ठेवावे.

विद्यार्थ्यांना आणखी एक गोष्ट दाखवता येईल. ते समान कोन काटकोन किंवा विशालकोन असतील, तर विधान खरे ठरते. अशा कोनासमोरची बाजू त्रिकोणात सर्वांत मोठी असते, आणि तेव्हा बाबाको स्थितीतही दोन वेगळे त्रिकोण निघू शकत नाहीत. वरचे प्रतिउदाहरण लघुकोनामुळेच शक्य झाले.

याच जातीचा दुसरा सापळा म्हणजे ‘एक जोडी समांतर आणि दुसरी जोडी समान’ हा होय. त्यात समद्विभुज समलंब चौकोन लपलेला असतो. जी जोडी समांतर, तीच जोडी समान असेल, तरच समांतरभुज चौकोनाची खात्री मिळते.

प्रश्न : समलंब चौकोनात समांतर भुजांची ‘एकच’ जोडी असावी की ‘किमान एक’? दोन पुस्तकांत दोन व्याख्या आढळल्या. (दोन वाचक)

उत्तर : दोन्ही व्याख्या प्रचारात आहेत. ‘एकच’ म्हटले तर समांतरभुज चौकोन समलंबांच्या बाहेर राहतात. ‘किमान एक’ म्हटले तर ते सारे आत येतात. पहिल्या प्रश्नाच्या उत्तरात जो न्याय लावला तोच लावायचा तर ‘किमान एक’ ही व्याख्या घ्यावी, आणि आमचा कलही तिकडेच आहे. समांतर भुजांच्या बेरजेच्या निम्म्याला उंचीने गुणण्याचे क्षेत्रफळाचे सूत्र समांतरभुज चौकोनालाही बिनतक्रार लागू पडते.

पण येथे एक अडचण आहे आणि ती टाळता येत नाही. समद्विभुज समलंब म्हणजे ज्याच्या उरलेल्या दोन भुजा समान आहेत तो, अशी व्याख्या केली आणि ‘किमान एक’ हेही धरले, तर प्रत्येक समांतरभुज चौकोन समद्विभुज समलंब ठरतो. मग ‘त्याचे कर्ण समान असतात’ हे प्रमेय कोसळते. म्हणून ‘किमान एक’ घेणाऱ्याने समद्विभुज समलंबाची व्याख्या पायालगतच्या समान कोनांवरून करावी. तसे केले की समांतरभुजांपैकी फक्त आयत आत येतात, आणि ते येणे योग्यही आहे.

‘एकच’ म्हणणाऱ्यांच्या बाजूनेही एक भक्कम मुद्दा आहे. समांतर भुजा १० आणि ४, उरलेल्या ५ आणि ५, एवढ्या माहितीवर समलंब चौकोन पूर्णपणे ठरतो. लहान समांतर भुजेच्या एका टोकातून असमांतर भुजेला समांतर रेषा काढली की ६, ५, ५ भुजांचा त्रिकोण सुटा होतो, त्याची उंची ४ येते आणि चौकोनाचे क्षेत्रफळ २८ मिळते. समांतर भुजा समान झाल्या तर या त्रिकोणाचा पाया शून्य होतो, त्रिकोणच उरत नाही, आणि चौकोन पुन्हा सैल पडतो. चार भुजांनी समलंब ठरतो आणि समांतरभुज ठरत नाही, हा फरक खरा आहे. ज्या पुस्तकातून परीक्षा द्यायची त्याची व्याख्या पाळावी. स्वतः लिहिताना कोणती घेतली ते आरंभी सांगावे.

प्रश्न : पतंग आणि समभुज चौकोन यांत नेमका फरक काय? आतल्या बाजूला खचलेली, बाणाच्या टोकासारखी आकृतीही पतंग म्हणायची का?

उत्तर : पतंगात लगतच्या समान भुजांच्या दोन जोड्या असतात. त्या दोन जोड्यांची लांबी सारखी झाली की समभुज चौकोन होतो, म्हणून प्रत्येक समभुज चौकोन पतंग असतो. खचलेल्या आकृतीत भुजांची अट तीच असते, पण एक कोन प्रविशाल, म्हणजे १८०° पेक्षा मोठा असतो आणि एक कर्ण आकृतीच्या बाहेर पडतो. ‘एक कर्ण दुसऱ्या कर्णाचा लंबदुभाजक असतो’ ही व्याख्या घेतली, तर तेथे कर्ण परस्परांना छेदतच नसल्याने ती आकृती आपोआप वगळली जाते. कोनांची बेरीज तिच्यातही ३६०° च असते.

प्रश्न : एक लाकडी चौकट आयताकृती आहे की नाही, हे केवळ मोजपट्टीने ओळखता येईल का? गुण्या जवळ नाही.

उत्तर : येईल. आधी चारही भुजा मोजाव्यात. संमुख भुजा समान निघाल्या तर चौकट समांतरभुज आहे. मग दोन्ही कर्ण मोजावेत. ते समान निघाले तर आयत. ही पद्धत बरीच संवेदनशील आहे. भुजा ९० आणि १२० सेंमी असतील तर काटकोनी चौकटीचे कर्ण १५० सेंमी येतात. चौकट सुमारे दीड अंशाने कलली, तर एक कर्ण १४८ आणि दुसरा जवळपास १५२ सेंमी होतो, म्हणजे ४ सेंमीचा फरक डोळ्यांना न दिसणारा कल उघड करतो. फक्त कर्ण मोजून थांबू नये. समद्विभुज समलंबाचेही कर्ण समान असतात.

प्रश्न : भुजा आणि कोन या दोन्हींवरून केलेल्या वर्गीकरणांत काही मेळ आहे का, की ती दोन स्वतंत्र खाती आहेत? (निवृत्त अभियंता)

उत्तर : मेळ आहे. एखाद्या प्रकाराच्या वर्णनात ‘भुजा’ या शब्दाच्या जागी ‘कोन’ घालून पाहावे. चारही भुजा समान म्हणजे समभुज चौकोन. चारही कोन समान म्हणजे आयत. लगतच्या समान भुजांच्या दोन जोड्या म्हणजे पतंग. लगतच्या समान कोनांच्या दोन जोड्या म्हणजे समद्विभुज समलंब चौकोन. संमुख भुजा समान म्हटले काय किंवा संमुख कोन समान म्हटले काय, समांतरभुज चौकोनच मिळतो, आणि चौरसही अदलाबदलीनंतर चौरसच राहतो.

ही जोडी येथेच संपत नाही. संमुख कोनांच्या दोन बेरजा समान असतील तर चौकोनाभोवती त्याच्या चारही शिरोबिंदूंतून जाणारे वर्तुळ काढता येते. संमुख भुजांच्या दोन बेरजा समान असतील तर त्याच्या आत चारही भुजांना स्पर्श करणारे वर्तुळ बसते. आत असे वर्तुळ असेल तर त्या बेरजा समान असतात, हे आंरी पितो या फ्रेंच अभियंत्याने १७२५ मध्ये दाखवले. त्यामुळे प्रत्येक पतंगात अंतर्वर्तुळ बसते आणि प्रत्येक समद्विभुज समलंबाला परिवर्तुळ मिळते.

तरी ही अदलाबदल म्हणजे प्रमेय नव्हे. कोनांची एकूण बेरीज ३६०° वर बांधलेली आहे, परिमिती मात्र मोकळी आहे. त्यामुळे एका बाजूची सिद्धता जशीच्या तशी दुसरीकडे नेता येत नाही. असमद्विभुज समलंबाला भुजांच्या खात्यात असा सरळ जोडीदारही नाही.

दोन्ही बाजू एकाच आकृतीत पाहायच्या असतील तर भुजांचे मध्यबिंदू क्रमाने जोडावेत. कोणत्याही चौकोनात त्यांपासून समांतरभुज चौकोन मिळतो; फ्रेंच गणिती प्येर व्हारिन्यों याचे हे प्रमेय त्याच्या मृत्यूनंतर १७३१ मध्ये प्रसिद्ध झाले. आतील चौकोनाच्या भुजा बाहेरच्या कर्णांना समांतर आणि त्यांच्या निम्म्या असतात, म्हणून आयताच्या मध्यबिंदूंतून समभुज चौकोन निघतो आणि समभुज चौकोनाच्या मध्यबिंदूंतून आयत. पतंगही आयतच देतो आणि समद्विभुज समलंब समभुज चौकोन देतो. याचा व्यत्यास मात्र खरा नाही. आतला चौकोन आयत निघाला, तर बाहेरच्या चौकोनाविषयी एवढेच कळते की त्याचे कर्ण परस्परांना लंब आहेत. तो समभुज आहे, पतंग आहे की कोणतेही नाव नसलेला चौकोन आहे, हे त्याच्या भुजा मोजल्याशिवाय सांगता येत नाही.